फांदीवरचा दुष्काळ

आमरीवरचं, म्हणजे ऑर्किडवरचं, पुस्तक आणि लिहिणारा पडेगावचा, हे ऐकल्यावर लोकांच्या चेहऱ्यावर काय उमटतं ते मला आता पाठ झालं आहे. पडेगाव म्हणजे छत्रपती संभाजीनगरचं पश्चिमेचं टोक. छावणी मागे टाकून दौलताबादच्या रस्त्याला लागलं की येणारं, एकेकाळी वेगळं असलेलं आणि आता शहरात मिसळून गेलेलं गाव. पुढे मिटमिटा, त्याच्या पुढे देवगिरीचा किल्ला. वर्षाचा सरासरी पाऊस 700 मिलिमीटरच्या आसपास, आणि सरासरी म्हणजे काय हे इथल्या माणसाला समजावून सांगावं लागत नाही. आमरी म्हटलं की मात्र सगळ्यांना आठवते ती आंबोली. 7,000 मिलिमीटरच्या घरातला पाऊस, धुकं, शेवाळानं माखलेली खोडं आणि त्यांवरून लोंबणारे फुलांचे घोस. तेव्हा हे पुस्तक तिकडच्या कुणी लिहायला हवं होतं, असं मला आडून आणि काही वेळा सरळसरळ सुचवण्यात आलं आहे.

सूचना वाजवी आहे. तरीही मला ती मान्य नाही. झाडावर राहणारी आमरी समजून घ्यायची तर आधी पाण्याची टंचाई समजली पाहिजे, आणि त्या बाबतीत आमचं शिक्षण चांगलं झालेलं आहे. पर्जन्यवनात वाढणाऱ्या या वनस्पतीचं सगळं शरीर, तिची मुळं, पानं, तिची श्वास घेण्याची वेळसुद्धा, दुष्काळासाठी घडलेलं आहे. या पुस्तकात जे काही आहे ते एवढ्या एका म्हणण्याभोवती आहे.

हे विचित्र वाटतं, कारण जंगलात किती पाऊस पडतो हे आपण पाहतो. फांदीवर त्यातला किती उरतो हे पाहत नाही. जमिनीवर पडलेलं पाणी मातीत मुरतं, खाली साठतं आणि झाडाची मुळं ते महिनोन्‌महिने उपसत राहतात. 20 मीटर उंचीवरच्या फांदीला माती नाही. सरीवर सर आली तरी पाणी सालीवरून ओघळून जातं. ऊन पडलं, वारा सुटला की तासा-दोन तासांत साल कोरडी. आमच्याकडच्या मुरमाड माळावर चांगला पाऊस होऊनही चार दिवसांत पिकानं मान टाकावी, तसाच हा प्रकार. फक्त इथे चार दिवसांच्या जागी चार तास धरायचे. पाऊस किती झाला यापेक्षा पाणी किती वेळ थांबलं हा प्रश्न मोठा, हे जिरायती शेतकऱ्याला माहीत असतं. फांदीवर जगणाऱ्या वनस्पतीला तेच कळलेलं आहे.

त्यात आपला सह्याद्री म्हणजे काही विषुववृत्तावरचं जंगल नव्हे. बोर्निओत किंवा ॲमेझॉनच्या खोऱ्यात वर्षभर थोडाबहुत पाऊस असतो. आपल्याकडे मृगापासून हस्तापर्यंत आभाळ फाटतं आणि मग सात-आठ महिने एखाददुसरा अवकाळी सोडला तर काही नाही. महाबळेश्वरच्या ज्या झाडावर जुलैत पाणी निथळताना थांबत नाही, त्याच झाडाची साल मार्चमध्ये हाताला खरखरीत लागते आणि चिमटीत चुरते. दोन्ही महिन्यांत आमरी तिथेच असते. पावसाळी सहलीला गेलेला माणूस तिला जुलैत पाहतो आणि ओलाव्याची लाडकी समजतो. मार्चमध्ये पाहिली असती तर त्याचं मत वेगळं झालं असतं.

आमरीकुळाचा पसारा मोठा आहे. जगात सुमारे 28,000 जाती, त्यांतल्या जवळपास 70 टक्के झाडांवर किंवा खडकांवर राहणाऱ्या. महाराष्ट्रातल्या जातींची संख्या शंभराच्या वर जाते आणि त्यांत जमिनीवरच्या आमऱ्या बऱ्याच. कासच्या पठारावर पावसाळ्यात दिसणाऱ्या हाबेनारिया त्यांपैकी. जमिनीवरच्या आमरीची दुष्काळाशी तडजोड साधी आहे: पाऊस संपला की वरचं सगळं वाळवून टाकायचं आणि कंद होऊन मातीखाली निजून राहायचं. झाडावरचीला ही सोय नाही. लपायला माती नसल्यामुळे तिला उन्हात, वाऱ्यात, सगळ्यांच्या डोळ्यांदेखत उन्हाळा काढावा लागतो.

तो ती कसा काढते हे पाहायचं तर मुळांपासून सुरुवात करावी लागते. झाडावरच्या आमरीची मुळं जाड, दोरीसारखी आणि कोरड्या दिवसांत चांदीसारखी पांढुरकी दिसतात. तो पांढुरकेपणा म्हणजे मुळाभोवतीचं मेलेल्या पेशींचं आवरण. शास्त्रज्ञ त्याला व्हेलामेन म्हणतात. पेशी मेलेल्या, त्यांच्या भिंती मात्र शाबूत आणि आत हवा भरलेली. पाण्याचा थेंब पडला की काही सेकंदांत हे आवरण पाणी ओढून घेतं. हवेची जागा पाण्यानं घेतली की ते पारदर्शक होतं आणि आतला हिरवा रंग दिसायला लागतो. एखाद्या मुळावर पाण्याचा शिपका मारून बघावा. पांढऱ्याचं हिरवं होताना डोळ्यांनी दिसतं. मूळ हिरवं आहे याचा अर्थ तेही पानाप्रमाणे अन्न तयार करतं. व्हेलामेननं धरलेलं पाणी पुढच्या काही तासांत आतल्या जिवंत पेशींना पोचतं आणि उरलेलं उडून जातं.

यातली सर्वांत हुशारीची गोष्ट पहिल्या सरीची आहे. उन्हाळाभर फांद्यांवर धूळ बसलेली असते, पक्ष्यांची विष्ठा असते, कुजलेल्या पानांचा चुरा असतो. पहिल्या सरीचं पाणी हे सगळं धुऊन खाली आणतं, म्हणजे त्यात खत असतं. नंतरच्या सरींचं पाणी जवळजवळ कोरं. व्हेलामेन ते पहिलं पाणी टिपून घेतं आणि त्यातले क्षार भिंतींना धरून ठेवतं, नंतरच्या धो-धो पावसात ते सहजासहजी निसटत नाहीत. माती नसलेल्या जागी खताची सोय अशी होते. झाडाच्या अंगातून ती काहीही शोषून घेत नाही, हे मुद्दाम सांगून ठेवतो. त्याकडे पुन्हा यायचं आहे.

पानांची कथा वेगळी आहे. आपल्या ओळखीची बहुतेक झाडं दिवसा पानांवरची रंध्रं उघडून कार्बन डायऑक्साइड घेतात आणि त्या भानगडीत पाणी गमावतात. जाड, मांसल पानांच्या बऱ्याच आमऱ्या दिवसा रंध्रं मिटून बसतात. रात्री हवा गार झाली, तिच्यातला दमटपणा वाढला की उघडतात, वायू आत घेतात, आम्लाच्या रूपात साठवतात आणि उजाडल्यावर बंद दाराआड त्याची साखर करतात. निवडुंग हेच करतो, अननसही. वाळवंटातल्या वनस्पतीची आणि पर्जन्यवनातल्या आमरीची युक्ती एकच निघावी हा योगायोग नाही. दोघींना नडलेली गोष्टच एक आहे.

डेंड्रोबियम या प्रजातीतल्या आपल्याकडच्या आमऱ्यांनी तिसरी वाट धरली. त्यांची खोडं फुगीर, पाणी साठवणारी. पाऊस संपला की त्या पानं गाळून टाकतात आणि नुसती खोडं फांदीला चिकटून राहतात. वाळली म्हणून कुणीही हात झटकावे अशी दशा. आणि हिवाळा सरता सरता, सगळं रान तहानलेलं असताना, त्या उघड्या खोडांवर डेंड्रोबियम बार्बॅट्युलमची पांढरीशुभ्र फुलं येतात. लिंडली या इंग्रज वनस्पतिशास्त्रज्ञानं 1830 मध्ये हिचं वर्णन केलं. कोकणात उतरणाऱ्या घाटांमध्ये जानेवारी ते मार्च या काळात ती दिसते. पावसाळ्याखेरीज जंगलात न फिरणाऱ्यांना तिची गाठ पडणं अवघड.

सीतेच्या वेणीबद्दल मात्र सावकाश लिहायला हवं, कारण झाडावरची आमरी म्हणून मराठी माणूस जिला ओळखतो ती हीच. शास्त्रीय नाव ऱ्हिंकोस्टायलिस रेट्यूसा. नावाची गडबड आहे. कुठे हिला सीतेची वेणी म्हणतात, कुठे द्रौपदीची, आणि तिकडे एरिडिस प्रजातीतल्या गुलाबी फुलांच्या आमरीलाही द्रौपदीची वेणी म्हणणारे आहेत. भांडणात पडण्यात अर्थ नाही. वेणी दोघींनाही शोभते. पन्हळीसारखी खोलगट, जाड पानं दोन ओळींत, पानाचं टोक कुरतडल्यासारखं दुभंगलेलं. मे-जूनमध्ये पानांच्या बेचक्यातून फुलांचा तुरा निघतो आणि खाली झुकतो. हातभर लांबीचा, शंभराहून जास्त फुलांनी गच्च भरलेला. पांढऱ्या पाकळ्यांवर गुलाबी-जांभळे ठिपके, मधली पाकळी गर्द. म्हणजे पाऊस सुरू होण्याच्या तोंडाशी, उन्हाळा पुरता भोगून झाल्यावर ती फुलते. तेवढी शिल्लक तिनं कुठे ठेवली होती, हा प्रश्न दरवर्षी पडावा असा आहे.

हीच सीतेची वेणी आसाममध्ये कपौ फूल होते. तिकडे ती राज्यफूल आहे आणि एप्रिलमधल्या बिहूत नाचणाऱ्या मुली ती अंबाड्यात माळतात. आपण नाव वेणीचं ठेवलं आणि माळायचं विसरलो. महाराष्ट्रानं राज्यफूल म्हणून ताम्हण निवडलं, तेही चांगलंच आहे.

हिची छापील नोंद पार सतराव्या शतकातली. कोचीनचा डच गव्हर्नर हेंड्रिक व्हान ऱ्हीड यानं मलबारच्या वनस्पतींवर ‘हॉर्टस मलबारिकस’ हा बारा खंडांचा ग्रंथ तयार करवून घेतला. ॲमस्टरडॅमला तो 1678 ते 1693 या काळात छापला गेला आणि झाडावरच्या आमऱ्यांची चित्रं त्याच्या शेवटच्या, बाराव्या खंडात आहेत. मराठी वाचकाला या ग्रंथाशी नातं सांगता येईल असं एक पान पहिल्या खंडात आहे. या कामाला मदत करणाऱ्यांत इट्टी अच्युतन हा मल्याळी वैद्य होता, तसे रंगा भट, विनायक पंडित आणि आपू भट हे तीन कोकणी वैद्यही होते. त्या तिघांनी आपल्या मजकुराच्या खरेपणाची ग्वाही कोकणी भाषेत, नागरी लिपीत लिहून दिली. ते हस्ताक्षर 1675 चं आहे आणि ते तसंच्या तसं ग्रंथात छापलेलं आहे. वनस्पतीची चित्रं युरोपात पोचली, लिनियसनं 1753 मध्ये त्यांच्या आधारे नावं दिली, 1825 मध्ये ब्लूमनं या आमरीला आजचं नाव दिलं. नावांच्या पुढे लिनियस आणि ब्लूम यांची अक्षरं लागतात. वैद्यांची लागत नाहीत.

चित्रांपाठोपाठ झाडांना मागणी आली. एकोणिसाव्या शतकात इंग्लंडमधल्या श्रीमंतांना आमरीचं जे वेड लागलं त्याच्या सुरस कथा इतरत्र भरपूर वाचायला मिळतात. मला त्यात रस आहे तो एका चुकीपुरता. ही झाडं उष्ण कटिबंधातल्या पावसाळी जंगलातली आहेत, तेव्हा त्यांना वर्षभर उष्णता आणि वाफ हवी, असा तर्क तिथल्या बागायतदारांनी केला. लिंडलीसारख्या जाणकारानंही 1830 च्या सुमारास तसाच सल्ला दिला. मग काचघरं तापवली गेली, दारं-खिडक्या लावून घेतल्या गेल्या, पाणी शिंपडलं गेलं, आणि जहाजातून महिनोन्‌महिने प्रवास करून जिवंत पोचलेली हजारो झाडं तिथे कुजून मेली. चॅट्सवर्थच्या बागेत जोसेफ पॅक्स्टननं हवा खेळती ठेवायला आणि वेगवेगळ्या झाडांना वेगवेगळं तापमान द्यायला सुरुवात केल्यावर चित्र बदललं. याच पॅक्स्टनच्या हाताखालचा जॉन गिब्सन 1835 मध्ये भारताकडे निघाला होता आणि खासी टेकड्यांतून आमऱ्या घेऊन गेला होता. पर्जन्यवन म्हणजे सदा ओलं, ही समजूत इतक्या महागात पडूनही अजून गेलेली नाही. आज आपल्या शहरांत हौसेनं आणलेली आमरीची कुंडी मरते ती बहुतेक वेळा पाणी कमी पडून नव्हे, जास्त झाल्यानं. मुळांना हवा मिळत नाही, व्हेलामेन सतत ओलं राहून सडतं. नळाला पाणी कधी येईल याचा हिशेब ठेवत जगणाऱ्या आमच्या शहरात ही झाडं पाण्यात बुडून मरावीत हे जरा जास्तच झालं.

आता घराकडे. मराठवाड्यात झाडावरची आमरी आहे, आणि तिनंच मला या विषयात ओढलं. व्हँडा टेसेलाटा. हिला सह्याद्रीतल्या धुक्याची गरज लागत नाही. भारतीय द्वीपकल्पाच्या कोरड्या, पानझडी रानांत ती पसरलेली आहे; आंबा, चिंच, मोह अशा खरखरीत सालीच्या झाडांवर ती भेटते. पट्टीसारखी ताठ, चिवट पानं आणि जाडजूड मुळांचा गुंता. फुलं उन्हाळ्यात येतात. पिवळसर-तपकिरी पाकळ्यांवर जाळीदार चौकटी आणि मध्ये निळी-जांभळी जीभ. वासही गोड. रॉक्सबर्गनं 1795 मध्ये कोरोमंडल किनाऱ्यावरच्या वनस्पतींच्या ग्रंथात तिचं चित्र आणि वर्णन छापलं. प्रजातीचं नाव मात्र संस्कृतातून घेतलेलं. सर विल्यम जोन्स यांनी ते वापरलं आणि त्यांच्या मृत्यूनंतर तेही 1795 मध्येच छापून आलं.

पडेगावच्या वस्तीत ती शोधायला कुणी येऊ नये. दौलताबाद, खुलताबाद, वेरूळ ओलांडून कन्नडच्या पुढे जावं, जिथे अजिंठ्याच्या डोंगररांगेत 1986 साली जाहीर झालेलं गौताळा औट्रम घाट अभयारण्य आहे. सुमारे 260 चौरस किलोमीटरचं हे पानझडी जंगल फेब्रुवारीनंतर असं उघडं पडतं की नवख्याला तिथे काही जिवंत आहे यावर विश्वास बसू नये. झाडावरच्या आमरीचा अभ्यास सुरू करायला मला याहून चांगली जागा सुचत नाही. आंबोलीत आमरी हजार हिरव्या गोष्टींत हरवते. पानझडीत एप्रिलच्या उन्हात एखाद्या निष्पर्ण फांदीवर हिरवं काही तग धरून दिसलं, तर ते ओळखायला वेळ लागत नाही. हिरवं काही म्हटलं, कारण ते बांडगूळही असू शकतं.

आणि इथे मघाचं सांगून ठेवलेलं पुन्हा काढतो. आमरी आणि बांडगूळ यांत फरक न करण्याची आपली सवय जुनी आहे आणि तिची किंमत आमरी चुकवते. आमराईतली झाडं साफ करताना वर वाढलेलं सगळं कोयत्यानं खरवडून काढायचं, ही रीत. बांडगुळापुरती ती बरोबर आहे. आंब्यावरचं नेहमीचं बांडगूळ आपलं मूळ झाडाच्या फांदीत घुसवतं, तिथे गाठ येते, आणि झाडानं जमिनीतून ओढलेलं पाणी व क्षार ते पळवतं. पुढे फांदी वाळते. आमरीचं मूळ सालीच्या वरून जातं, भेगांत शिरतं, आत कधीच जात नाही. तिला झाडाकडून फक्त बसायला जागा हवी असते, उजेडात, जमिनीपासून दूर. फार मोठा झुबका वाढला आणि पावसात भिजून जड झाला तर किडकी फांदी मोडू शकते, एवढाच काय तो धोका. ओळखायची खूण सोपी आहे: जोडावर गाठ आहे का ते पाहायचं. गाठ असेल तर कोयता चालवा. पांढुरकी दोरीसारखी मुळं सालीवरून पसरलेली असतील तर हात आवरा.

आमरीला दुसरा धोका औषधाचा. रास्ना म्हणून आयुर्वेदात जे मूळ सांगितलं आहे ते नेमकं कोणत्या वनस्पतीचं, याबद्दल प्रांतोप्रांती वेगळी रीत आहे. भारत सरकारच्या आयुर्वेदिक औषधकोशात रास्ना म्हणजे प्लुचिया लॅन्सिओलाटा हे जमिनीवरचं झुडूप; दक्षिणेत कोष्टकोळिंजनाचं मूळ घेतात; बंगालमध्ये आणि इतरही काही भागांत या व्हँडाची मुळं रास्ना म्हणून विकली जातात. कोणती खरी हा वाद वैद्यांचा आहे. माझं म्हणणं एवढंच, की औषधकोशानं दिलेली वनस्पती जमिनीवर पसरून वाढते. सांधेदुखीच्या काढ्यासाठी झाडावरून आमरी ओरबाडण्याची गरज नाही.

ओरबाडली तर पुन्हा येईल, असं वाटत असेल तर बियांकडे बघा. आमरीच्या एका बोंडात लाखो बिया असतात. ऐकायला भरघोस वाटतं. प्रत्येक बी मात्र पिठाच्या कणाएवढी, आणि तिच्यात शिदोरी म्हणून काहीही नाही. ज्वारीच्या दाण्यात कोंबाला पुरेल एवढं पीठ असतं. आमरीच्या बीला कोंब फुटण्यासाठीसुद्धा बाहेरून अन्न लागतं आणि ते एका विशिष्ट प्रकारच्या बुरशीकडून मिळतं. बी वाऱ्यानं उडून योग्य झाडावर, योग्य भेगेत पडली पाहिजे, तिथे ओल असली पाहिजे आणि ती बुरशी आधीच हजर असली पाहिजे. ही भानगड नोएल बर्नार या तरुण फ्रेंच शास्त्रज्ञाला 1899 मध्ये उलगडली. तोपर्यंत बागायतदार बिया पेरून पेरून थकले होते. सगळं जुळलं तरी बी रुजण्यापासून पहिल्या फुलापर्यंत कित्येक वर्षं जातात. लाखांतून एक-दोन जगतात, असं ढोबळ मानानं म्हणता येईल.

यातला बुरशीचा अडसर लुईस नुडसन यांनी 1922 मध्ये अमेरिकेत दूर केला: साखर घातलेल्या निर्जंतुक अगरवर बिया टाकल्या, त्या बुरशीविना रुजल्या. 1960 मध्ये जॉर्ज मोरेल यांनी खोडाच्या टोकातल्या पेशींपासून एका आमरीची असंख्य रोपं करण्याची वाट दाखवली. लग्नाच्या मांडवात आणि गणपतीच्या सजावटीत आज जी जांभळी-पांढरी आमरीची फुलं दिसतात ती या दोन शोधांची देणगी आहेत, संकरित जातींची, बागांमध्ये वाढवलेली. त्यांबद्दल माझी तक्रार नाही. उलट जेवढी बाटलीतली आमरी विकली जाईल तेवढं जंगलाला बरं. तक्रार आहे ती घाटातल्या वळणावर पोत्यावर मांडलेल्या उपटलेल्या झुबक्यांबद्दल आणि ते घेणाऱ्या पर्यटकांबद्दल. ते रोप बाल्कनीत जगत नाही. जोसेफ हूकरनं 1850 मध्ये खासी टेकड्यांतून निळ्या व्हँडाची सात माणसांची ओझी गोळा केली होती आणि त्यांतली थोडीच इंग्लंडला जिवंत पोचली. हे त्यानं स्वतःच 1854 च्या आपल्या प्रवासवर्णनात लिहून ठेवलं आहे. 1991 मध्ये वन्यजीव संरक्षण कायद्यात वनस्पतींची यादी आली तेव्हा तिच्यात ही निळी व्हँडा होती, ईशान्येतली तांबडी व्हँडाही होती. आपल्या सीतेच्या वेणीचं नाव त्यात नव्हतं. आंतरराष्ट्रीय व्यापारावर साइट्स कराराचं नियंत्रण आहे, ते आमरीच्या सगळ्या कुळाला लागू होतं. घाटातल्या पोत्याला त्याचा पत्ता नाही.

पण आमरी खरी संपते ती उपटण्यानं नव्हे, झाड पडण्यानं. तिला जुनी झाडं लागतात: खडबडीत, भेगाळलेली साल, आडव्या जाड फांद्या, वर्षानुवर्षांचा साठलेला चुरा. असली झाडं घनदाट जंगलाइतकीच देवरायांत, आमरायांत आणि जुन्या रस्त्यांच्या कडेला होती. मुंबई-गोवा महामार्ग रुंद होताना कडेची हजारो जुनी झाडं गेली, त्यांच्याबरोबर काय काय गेलं याची मोजदाद झाडांच्या यादीत येत नाही. एका वडाच्या बदल्यात दहा रोपं लावली असं कागदावर म्हणता येतं. त्या दहांतली किती सरळसोट, गुळगुळीत सालीची असतात ते आपण पाहतो. नीलगिरी तर आपली सालच सोडून देते. तिच्यावर आमरीनं बसायचं कुठे?

या पुस्तकाच्या आधी झालेल्या कामाचा उल्लेख केल्याशिवाय पुढे जाणं बरं नाही. थिओडोर कुक हे पुण्याच्या विज्ञान महाविद्यालयाचे प्राचार्य. मुंबई इलाख्याच्या वनस्पतींवरचा त्यांचा ग्रंथ 1901 ते 1908 या काळात आला आणि अजून उघडावा लागतो. ब्लॅटर आणि मॅककान यांनी 1931-32 मध्ये बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या नियतकालिकात इलाख्यातल्या आमऱ्यांची नव्यानं छाननी केली. कोकणात आणि घाटावर सर्रास दिसणाऱ्या अकॅम्पे प्रीमोर्सा या आमरीचं आजचं नाव त्यांनीच दिलेलं. फादर सांतापाव स्पेनमध्ये जन्मलेले, 1928 मध्ये भारतात आलेले, मुंबईच्या सेंट झेवियर्समध्ये शिकवणारे. त्यांनी कापडियांबरोबर लिहिलेलं ‘द ऑर्किड्स ऑफ बॉम्बे’ 1966 मध्ये प्रसिद्ध झालं आणि या विषयातला तो पाया आहे. आमच्या विद्यापीठातले प्रा. व्ही. एन. नाईक यांनी मराठवाड्याच्या वनस्पतींचा दोन खंडांचा ग्रंथ 1998 मध्ये याच शहरातून काढला. कोरड्या प्रदेशात पाहण्यासारखं काही नसतं असं मानणाऱ्याला तो दाखवावा. श्रीकांत इंगळहळीकरांच्या ‘फ्लॉवर्स ऑफ सह्याद्री’नं सामान्य भटक्याला फुलं ओळखायला शिकवलं. हे सगळं काम इंग्रजीत आहे. मराठीत लेख आहेत, सुटे आणि विखुरलेले.

परागीभवनाचं प्रकरण मी मुद्दाम आखूड ठेवलं आहे. डार्विन, मादागास्करची लांब शेपटीची आमरी आणि नंतर सापडलेला लांब सोंडेचा पतंग ही गोष्ट सुंदर आहे, पण ती इतक्यांदा सांगून झाली आहे की आमरी म्हणजे कीटकांना फसवणारं फूल एवढंच लोकांच्या डोक्यात उरलं आहे. सुमारे एक तृतीयांश जाती कीटकाला मध न देता काम करून घेतात हे खरं. पण फूल वर्षातून दोन-तीन आठवडे असतं. उरलेले पन्नास आठवडे आमरी काय करते, हे मला अधिक महत्त्वाचं वाटतं.

म्हणून पुस्तकाची मांडणी कुळ-प्रजातींच्या क्रमानं न करता वर्षाच्या क्रमानं केली आहे, आणि वर्ष मृगापासून न धरता दसऱ्यानंतर पाऊस परतल्यापासून धरलं आहे. पहिला भाग ऑक्टोबर ते जानेवारी, पानं गळण्याचा आणि दहिवरावर भागवण्याचा. दुसरा फेब्रुवारी ते मे, ज्यात डेंड्रोबियम, व्हँडा आणि शेवटी सीतेची वेणी फुलते. पावसाळ्याचा भाग सगळ्यांत छोटा आहे आणि तो शेवटी आहे. प्रत्येक जातीसोबत ती कोणत्या झाडांवर बसते त्यांची नावं दिली आहेत, ठिकाणांची दिलेली नाहीत. जिल्हा आणि जंगलाचा प्रकार एवढ्यावर मी थांबलो आहे. का ते घाटातल्या पोत्यांवरून लक्षात आलं असेल. शोधायला निघणाऱ्यानं दुर्बीण न्यावी, आमराई असेल तर मालकाला विचारून आत जावं, आणि शक्य असेल तर वळवाचा पहिला पाऊस पडून गेल्यानंतरच्या सकाळी जावं. त्या वेळी मुळं हिरवी झालेली असतात आणि खालूनही ओळखू येतात. सुरुवात व्हँडापासून केली आहे. आंबोली शेवटच्या प्रकरणात आहे.